घेण्यास नकार

पाकीट परत आलं होतं, आणि अनंतराव वकिलांना त्याचा केवढा आनंद झाला होता! कोर्टामागच्या गल्लीतल्या आपल्या खोलीत, कुरकुरणाऱ्या पंख्याखाली, त्यांनी ते खाकी पाकीट शंतनुच्या पुढ्यात ठेवलं आणि हलवायानं पेढ्याचा पुडा ठेवावा तसे त्याच्याकडं बघत राहिले. वर महारुद्रचं नाव होतं, खाली ताडकळसचा पत्ता, आणि आडवं, लाल शाईत, पोस्टमनच्या हातचं लिहिलेलं होतं : घेण्यास नकार. शंतनुनं ते दोनदा वाचलं. पस्तीस वर्षांचा दोस्त, आणि त्यानं आपलं पाकीट हातात धरायलासुद्धा नकार द्यावा? शंतनुचा हात पाकिटाकडं गेला तसे वकील म्हणाले, “हां हां, फोडू नका. हे आता कोर्टातच फोडायचं. परत आलेलं बंद पाकीट म्हणजे सोनं असतं, शंतनुराव.” शंतनु म्हणाला, “पण त्यानं घेतलंच नाही. आत काय आहे ते त्याला कळलंच नाही.” वकील हसले. “कळलं नाही कसं? पत्ता बरोबर, नाव बरोबर, माणूस घरात हजर, आणि घेत नाही म्हणतो. कायदा म्हणतो, पोचलं. त्यानं वाचलं असं धरून चालायचं. आता पंधरा दिवस त्याचे. त्यात पैसे दिले तर मिटलं. नाही दिले तर पुढच्या महिन्याभरात आपण फिर्याद ठोकायची. चला, चहा घ्या.”

चहा घेताना शंतनु वकिलांच्या बोटांकडं बघत होता. तीन बोटांत तीन अंगठ्या. एवढा आनंद कशाचा होतोय या माणसाला? केस मिटली तर यांची फी एवढीशी, चालली तर वर्षानुवर्षं तारखा. म्हणजे महारुद्रनं पैसे देऊ नयेत असंच यांना वाटत असणार. हा विचार डोक्यात आला आणि शंतनुला बरं वाटलं, कारण हल्ली त्याला असा विचार आला की बरंच वाटायचं. कुणाचं तरी खरं रूप आपण वेळेत ओळखलं असं वाटायचं. तो परभणीच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात कारकून होता, आणि रोज उठून खोटी रहिवासी प्रमाणपत्रं, खोट्या सह्या, मेलेल्या आज्यांना चौथ्यांदा मारून मागितलेल्या रजा बघून त्याचं मन असं झालं होतं, असं तो स्वतःला सांगे. वैदेही, म्हणजे त्याची बायको, सांगायची की हे मुळातलंच आहे, महाविद्यालयाला उगीच नावं ठेवू नका. वकिलांनी त्याला पहिल्याच दिवशी सगळी साखळी समजावली होती. देणं खरं पाहिजे, कायद्यानं वसूल होण्याजोगं. चेक तारखेपासून तीन महिन्यांच्या आत बँकेत टाकलेला पाहिजे. खात्यात शिल्लक नाही असा बँकेचा कागद हातात पडला की तीस दिवसांत लेखी नोटीस. मग त्याचे पंधरा दिवस. मग आपला महिना. “एक कडी तुटली की साखळी गेली. म्हणून आता त्याच्याशी फोनवर बोलायचं नाही. तो मुदत मागणार, तुम्ही भिडेखातर हो म्हणणार, आणि आपले दिवस निघून जाणार. अशी पुष्कळ मऊ माणसं मी बुडताना पाहिलीत.” शंतनु मऊ नव्हता. त्यानं त्याच दिवशी जिन्यातच उभं राहून महारुद्रचा नंबर ब्लॉक करून टाकला होता.

पण खरं सांगायचं तर बोलणं त्याआधीच बंद झालं होतं, आणि ते शंतनुनंच केलं होतं. महारुद्रचा ताडकळसला मंडपाचा धंदा. लग्नं, बारशी, सप्ते, पुढाऱ्यांच्या सभा, सगळीकडं त्याच्याच लाल खुर्च्या. जनरेटर आणि नवी गाडी घ्यायची म्हणून त्यानं चार लाख मागितले, तेव्हा शंतनुनं मुलीच्या, साक्षीच्या, आयुर्वेद कॉलेजच्या फीसाठी ठेवलेली रक्कम मोडून बँकेतून त्याच्या खात्यावर पाठवली. लग्नसराई उरकली की परत, असा शब्द. त्या दिवशी महारुद्रनं घरी येऊन, मांडीवर चेकबुक ठेवून, पुढची तारीख घालून चेक फाडून दिला आणि म्हणाला, “शंत्या, बँकीत टाकायच्या आधी एक फोन कर बरं का. माजं खातं म्हंजी धर्मशाळा हाय, पैसा आज हाय तर उद्या न्हाई. फोन केलास की मी दोन दिसात भरून ठिवतो.” त्या वेळी दोघं हसले होते. पण महारुद्र गेल्यावर शंतनुच्या कानात तो फोन राहिला. फोन कशाला? ज्याच्याकडं पैसा आहे त्याला फोन लागतो का? फोन केला की हा सावध होणार, आज नको उद्या टाक म्हणणार, उद्याचं परवा होणार, आणि तीन महिने असेच जाणार. तारीख उलटली, लग्नसराई उलटली, महारुद्रकडून चकार शब्द नाही. साक्षीच्या कॉलेजचा दुसरा निरोप आला. तेव्हा शंतनुनं एका सकाळी, महाविद्यालयात जाता जाता, फोन न करता चेक बँकेत टाकला. टाकताना त्याला धडधडलं, हे तो नाकारत नाही. आपण मित्राला पारखतोय, एवढंच आहे हे, असं त्यानं मनाशी म्हटलं. तिसऱ्या दिवशी बँकेनं चेक परत केला आणि वर कागद जोडला, की खात्यात पुरेशी शिल्लक नाही. दुःख झालं, राग आला, पण त्या सगळ्याच्या तळाशी एक समाधानही होतं. मी म्हटलं नव्हतं का!

संध्याकाळी त्यानं वैदेहीला पाकिटाचं सांगितलं. ती भाकरी थापत होती. तिनं हात न थांबवता विचारलं, “नकार म्हणजे? कुणी दिला नकार? रुद्राभाऊंनी?” मग परातीतलं पीठ सारखं करत म्हणाली, “एक फोन तर करून बघा हो. वकील काय, त्यांच्या घरी भांडणं शिजतात म्हणून चूल पेटते.” शंतनुच्या डोक्यात भलतंच आलं. हिचं आणि महारुद्रच्या बायकोचं, राजेश्रीचं, दिवाळी-संक्रांतीला बोलणं होतं. हिनं तर तिकडं सांगून ठेवलं नसेल, की रजिस्टर येणार आहे, घेऊ नका? तो वैदेहीच्या पाठीकडं बघत राहिला. वीस वर्षांची ओळखीची पाठ, तीही त्याला क्षणभर परकी वाटली, आणि मग त्याला स्वतःचीच लाज वाटली, आणि लाज वाटली म्हणून तो ताट न घेताच उठून बाहेरच्या खोलीत जाऊन बसला. नकार. महारुद्र आणि नकार हे दोन शब्द एकत्र बसेनातच. हा माणूस शाळेच्या सहलीला येलदरीच्या धरणावर गेला असताना, मास्तरांनी कुणी खाऊ चोरला म्हणून विचारल्यावर, चोरला नसताना हात वर करून मोकळा झाला होता; म्हणाला, लवकर मिटंल, भूक लागलीया. ज्याला नाही म्हणता येत नाही म्हणून गावभर उधारीत मंडप टाकत सुटतो, तो पोस्टमनला नाही म्हणाला? मग यामागं डोकं दुसरं कुणाचं तरी असणार. कुणीतरी वकील दिलाय त्यानं. त्या वकिलानं शिकवलंय, घेऊ नको. म्हणजे तो तयारीत आहे. म्हणजे आपल्या पाठीमागं काहीतरी शिजतंय. ही भीती एकदा बसली आणि मग काही केल्या उठेना. रविवारी सकाळी तो वैदेहीला न सांगता स्टँडवर गेला आणि ताडकळसच्या बसमध्ये बसला. बोलायचं नाही, नुसतं बघून यायचं, असं त्यानं ठरवलं होतं.

बसमध्ये खिडकीशी बसून तो ताडकळसच्या घराची आठवण काढत गेला, म्हणजे न काढायचा प्रयत्न करत गेला. वडिलांची ताडकळसच्या शाळेवर बदली झाली तेव्हा तो पाचवीत होता. दुपारच्या सुट्टीत महारुद्र त्याला ओढत घरी न्यायचा, आणि कस्तुराबाई, महारुद्रची आई, चुलीपुढं बसून दोघांच्याही ताटल्यांत येसराची आमटी वाढायची, अशी तिखट की नाकातून पाणी यायचं, आणि वर म्हणायची, “बामनाच्या लेकरा, रड पण खा.” घरी कळलं तेव्हा आईनं दोन दिवस अबोला धरला. पण तिखटाची ती जीभ शंतनुला कायमची राहिली. आणखी एक गोष्ट राहिली. पहिल्या दिवशी जेवून निघताना तो म्हणाला होता, “जातो.” तशी कस्तुराबाईनं उठून त्याची वाट अडवली. पिठाचा हात तसाच. “जातो म्हनू नये बाळा. येतो म्हन. म्हटल्याबिगर सोडायची न्हाई मी.” तो लाजून “येतो” म्हणाला, तेव्हा कुठं ती दारातून बाजूला झाली. पुढं कित्येक वर्षं, कॉलेजात, नोकरीत, लग्नानंतर, त्या उंबऱ्यावरून उतरताना त्याच्या तोंडून तो शब्द आपोआप निघायचा, आणि कस्तुराबाई आतूनच ओरडायची, “ये रं!” आता तिच्यासमोर कसं जायचं? तिला माहीत असेल का? तिनंच सांगितलं असेल का पोराला, घेऊ नको म्हणून? छे. तिला सही करता येत नाही, तिला नोटीस काय कळणार. पण म्हाताऱ्या माणसांचं काही सांगता येत नाही, पोराच्या बाजूला पडतातच. असं म्हणता म्हणता ताडकळस आलं.

गल्लीच्या तोंडाशीच त्याला मंडप दिसला. महारुद्रच्या दारात, घराच्या रुंदीचा, पांढऱ्या कापडाचा मंडप, आणि खाली ओळीनं लाल खुर्च्या. शंतनु जागच्या जागी थांबला. वा रे पठ्ठे! आमच्या पोरीची फी थकली, तिचं कॉलेज रोज दाराशी उभं, आणि याच्या दारात मांडव! काय असेल? पोराचा साखरपुडा? नव्या गाडीची पूजा? म्हणून पाकीट नको होतं तर. पाहुण्यांसमोर शोभा नको. खुर्च्या किती, माणसं किती, आत स्वैपाक किती, हे तो चालता चालता बघत होता. बघत म्हणजे अक्षरशः मोजत होता, कारण वकिलांनी सांगितलं होतं, त्याची ऐपत दाखवणारं काही दिसलं तर ध्यानात ठेवा. मग जरा जवळ गेल्यावर त्याला जाणवलं की वाजंत्री नाही. बायकांचा गलका नाही. तोरण नाही. खुर्च्यांवर बसलेली माणसं मान खाली घालून बसली होती, आणि समोर जमिनीवर घोंगडी टाकून, भिंतीला टेकून, डोकं तुळतुळीत केलेला एक माणूस बसला होता. त्याला ओळखायला शंतनुला जेवढा वेळ लागला तेवढ्या वेळात तो माणूस उठून उभासुद्धा राहिला होता. महारुद्र म्हणाला, “आलास?” आणि मग त्याचा चेहरा लहान मुलाचा होतो तसा झाला. “शंत्या, आई गेली रं.”

शंतनु घोंगडीच्या कडेला बसला. काय बोलायचं असतं? “कधी... मला कुणी...” एवढंच निघालं. दारातून राजेश्री म्हणाली, “किती फोन लावले भावजी तुमाला. यांनी लावले, मी लावले यांच्याच फोनवरनं. लागंचनात. माझ्या फोनात वैनीचा नंबर होता, त्यो फोन दवाखान्यात चोरीला गेला. शेवटी म्हटलं, कानावर जाईल कुणाच्या तरी तोंडून.” शंतनुनं मान हलवली. खिशातला मोबाइल त्याच्या मांडीला टोचत होता. त्याला रडू येईल असं वाटलं होतं, पण आलं नाही. आला तो एक हिशेब. तो त्याला थांबवता येईना. महारुद्रचं डोकं आत्ताच केलेलं दिसत होतं, टाळू अजून पांढरी होती, कानामागं वस्तऱ्याची ताजी चीर. आमच्याकडं पहिल्याच दिवशी क्षौर करतात. म्हणजे कस्तुराबाई काल-परवा गेली. आणि पाकीट? पाकीट तर कधीच परत आलं. म्हणजे नकार आधीचा! आईच्या आजाराचा, मरणाचा त्याच्याशी काही संबंध नाही, शुद्धीवर राहून दिलेला नकार आहे तो. हे मनात जुळलं तसा तो थोडा ताठ बसला. माणसाच्या आईच्या दारात बसून आपण हे जुळवतोय, हे त्याला कळत नव्हतं असं नाही. कळत होतं. पण कळून मन थांबतं थोडंच.

“कालच दहावा केला नदीवर,” महारुद्र डोक्यावरून हात फिरवत म्हणाला. “आमच्यात दहाव्यालाच डोकं करत्यात. परवा तेरावं.” म्हणजे अकरा दिवस झाले होते. शंतनुचा सगळा हिशेब बदलला. पाकीट आलं ते ऐन सुतकात. महारुद्र सांगत गेला, आणि त्याच्या सांगण्यात तक्रार नव्हती. लग्नसराई संपता संपता म्हातारीला धाप लागली. परभणीला दाखवलं, तिथून नांदेडला. तिथं काचेच्या खोलीत ठेवलं. “खात्यात तुज्यासाटी भरून ठिवलं व्हतं ते आन् वरचं समदं तिथं गेलं. म्हटलं, शंत्याचा फोन येईल तवा सांगू त्याला. तुजा काय फोन आला न्हाई. मंग मी लावला तर तुजा लागंना.” तो थांबला. “शेवटी शेवटी तुजं नाव घेत व्हती. मास्तरचं पोरगं कुठंय म्हनं, त्याला आमटी तिखट झाली का इचारा.” खुर्चीवरचा कुणीतरी खाकरला. शंतनुनं घोंगडीचा एक धागा बोटाला गुंडाळला, सोडला, परत गुंडाळला. हे खरं असेल का? की हे त्याच्या वकिलानं शिकवलेलं? आई आजारी होती, दवाखान्याचं बिल झालं, मी भरून ठेवले होते, फोन आला नाही. किती व्यवस्थित बसतंय सगळं. कोर्टात न्यायाधीशांचेसुद्धा डोळे ओले होतील. पण समोर तर कानामागची चीर आहे, आणि आतल्या दाराशी कस्तुराबाईची, टोकाला जुनं जोडवं बसवलेली काठी टेकवून ठेवलेली आहे.

आत्या बाहेर आली. सरजाबाई, महारुद्रच्या वडिलांची, सटवाजींची, थोरली बहीण, कमरेत वाकलेली पण आवाज कडक. सुतकात घरावर तिचंच राज्य होतं. तिनं शंतनुला ओळखलं आणि लांबूनच स्वतःच्या कानशिलावर कडाकडा बोटं मोडली. “जवळ येऊ नको, सुतक हाय. पानी सुदिक पिऊ नको हितलं.” मग ती भिंतीला धरून बसली आणि बोलायचं म्हणून बोलत गेली, कोण आलं, कोण आलं नाही, कुणी किती रडलं. आणि त्यातच म्हणाली, “आन् त्यो टपालवाला! चौथ्या दिशी, राख सावडून आंग बी वाळलं न्हाई, तर आला सहीला. मी म्हटलं, सुतकात देवघेव न्हाई. ना कुनाचं घ्यायाचं, ना कुनाला द्यायाचं. तेराव्यानंतर ये. तर म्हनतो, तसं चालत न्हाई, घ्या न्हाईतर नको म्हना. म्हटलं, मंग नको. ने तुजं तुला.” शंतनु तिच्याकडं बघत राहिला. लाल शाईतले ते दोन शब्द त्याच्या डोळ्यांपुढं आले. घेण्यास नकार. पोस्टमनच्या यादीत सुतकासाठी शब्दच नसणार. “कुठून आलं होतं?” त्यानं विचारलं, आणि विचारताना आपला आवाज अगदी सहज आहे हे त्याला जाणवलं. “काय की बाबा,” सरजाबाई म्हणाली, “मला कुठं वाचता येतंय.” महारुद्र मंडपाच्या कापडाकडं वर बघत होता, कुठं ताण कमी-जास्त झालाय का हे बघतो तसा.

आता सांगावं. आत्ता. महारुद्रा, ते पाकीट माझं होतं. त्यात नोटीस आहे. तू वाचली नाहीस तरी वाचली असं धरलं जाणार आहे, आणि तुझे दिवस चालू झालेत, सुतकासकट. उरलेल्या दिवसांत पैसे उभे केले नाहीस तर मी तुला कोर्टात उभं करणार, आणि तिथं दंड होतो, तुरुंगसुद्धा होतो. एवढी चार वाक्यं. शंतनुनं ती मनात जुळवलीसुद्धा. मग त्याला साक्षी दिसली, फीची पावती दिसली. सांगितलं तर हा मुदत मागणार. हात धरून मागणार, आईची शपथ घालणार, आणि मी हो म्हणणार. मी मऊ आहे, वकील बरोबर बोलले होते. आणि नाही सांगितलं तर? काहीच बिघडत नाही. दिवस आपोआप संपतील. कायदा म्हणतो त्याला माहीत आहे. मग मी कशाला सांगायला पाहिजे? आणि हे मयताचं घर, इथं व्यवहाराचं बोलू नये, ही तर रीतच आहे. या विचारानं तो सैल झाला. इतका सोपा रस्ता होता. गप्प बसायचं, एवढंच. तो गप्प बसला. महारुद्रही गप्प बसला होता, आणि मधूनमधून त्याच्याकडं बघत होता. का बघतोय, हे शंतनुला कळेना. ऊन मंडपाच्या कडेनं आत सरकत आलं. दोन माणसं उठून गेली, दुसरी तीन येऊन बसली. एवढा वेळ महारुद्रनं पैशाचा शब्द काढला नाही, आणि शंतनुला त्याचाही संशय आला.

शेवटी बसची वेळ झाली म्हणून तो उठला. चपला घातल्या. उंबऱ्यापाशी आत चुलीची काळी भिंत दिसत होती, तिच्याकडं त्याचं लक्ष गेलं, आणि पस्तीस वर्षांच्या सवयीनं, काही ध्यानीमनी नसताना, तो म्हणाला, “येतो.”

“आरं देवा!” सरजाबाईनं कपाळावर हात मारून घेतला. “मयताच्या घरून येतो म्हनत्यात का रं? परत कामून यायचंय तुला असल्या कामाला? आजून कुनाला न्यायचंय हितून? मुकाट्यानं जावं मानसानं!” हे शंतनुला माहीत होतं. शेंबड्या पोराला माहीत असतं. दुखवट्याच्या घरातून निघताना येतो म्हणायचं नाही, जातोही म्हणायचं नाही, न बोलता उठायचं. “चुकलं, आत्या,” तो पुटपुटला. महारुद्र भिंतीचा आधार घेत उठला होता. “असू दे आत्या,” तो म्हणाला. “आईनंच शिकवलं व्हतं त्याला.” मग शंतनुकडं न बघता म्हणाला, “आन् त्याला यायचंच हाय.”

तो अनवाणीच गल्लीच्या तोंडापर्यंत शंतनुबरोबर चालत आला. सुतकात पायात काही घालत नाहीत, आणि रस्ता तापला होता; तो कडेच्या सावलीतून पाय टाकत होता. वडाच्या पारापाशी थांबला. “टपालवाल्यानं पाकिटावरचं वाचून दावलं व्हतं मला,” तो म्हणाला. “वकिलाचं नाव. परभणी. आत्या म्हटली ते बी खरं हाय, सुतकाचं. पन मला कळलं की कुनाचं हाय. परभणीत माजं देनं दुसऱ्या कुनाचं हाय?” महारुद्र पुढं म्हणाला, “तू गल्लीत शिरलास तवा मला वाटलं, आईसाठी आलास. मंग बघितलं, तू खुर्च्या मोजायलायस. तरी म्हटलं, असंल, डोकं फिरलं असंल मानसाचं. आत्यानं टपालाचं काढलं तवा म्हटलं, आता सांगंल. आता सांगंल. शंत्या, मी पाक दुपार वाट बघितली रं.”

शंतनुनं तोंड उघडलं. त्याला माफ कर म्हणायचं होतं. नंबर ब्लॉक केलाय म्हणायचं होतं, साक्षीचं सांगायचं होतं, कस्तुराबाईचं म्हणून निदान एकदा रडायचं होतं. यातलं काहीही म्हणायला तो क्षण पुरेसा मोठा होता. आणि त्याच्या तोंडून निघालं ते हे : “म्हणजे तुला माहीत होतं? आत नोटीस आहे ते?”

महारुद्रनं त्याच्याकडं नीट बघितलं. एवढ्या दिवसांत पहिल्यांदाच कुणी शंतनुकडं असं बघत होतं, तो रोज इतरांकडं बघायचा तसं. मग तो हसला. त्यात राग नव्हता, हे अधिक वाईट होतं. “हे वकिलाला पायजे का?” तो म्हणाला. “सांग त्याला. व्हतं म्हनावं माहीत. आन् तेरावं झालं की धाड परत पाकीट, सही करून घेतो. गाडी इकाया काढलीया, पोरीचं अडू देनार न्हाई तुज्या.” एवढं बोलून तो वळला आणि सावली सोडून, तापल्या रस्त्याच्या मधोमध, उघड्या डोक्यानं परत मंडपाकडं चालत गेला. तो येतो म्हणाला नाही की ये म्हणाला नाही.

बस निम्मी रिकामी होती. शंतनु मागं जाऊन बसला आणि आधी त्यानं मोबाइल काढून महारुद्रचा नंबर मोकळा केला. त्याला वाटलं होतं, अडवलेले सगळे फोन आता एकदम वाजायला लागतील. काही वाजलं नाही. मग त्यानं कस्तुराबाईचा चेहरा आठवायचा प्रयत्न केला, पण डोक्यात महारुद्रचं वाक्यच फिरत होतं, “व्हतं म्हनावं माहीत,” आणि पाचएक मैल गेल्यावर त्याच्या ध्यानात आलं की आपण ते वाक्य विसरू नये म्हणून शब्दन् शब्द पाठ करतोय. गाडी विकायला काढलीय म्हणतो. खरंच काढली असेल? की तेवढे दिवस काढायची युक्ती? त्याला ओरडावंसं वाटलं, गप्प बस, गप्प बस आता. पण कुणावर ओरडायचं, आत तर तोच होता. तेवढ्यात फोन वाजला. अनंतराव वकील. “काय शंतनुराव, रविवारी त्रास देतोय. फिर्यादीचा मसुदा तयार करून ठेवलाय. तुमचा तो मित्र काही हालचाल करतोय का? काही कळलं?”

“त्याची आई गेली,” शंतनु म्हणाला. “सुतक होतं. म्हणून घेतलं नाही.”

“अरेरे,” वकील म्हणाले. “वाईट झालं. पण मुदत काही सुतक पाळत नाही, बरं का. उद्या तो म्हणेल, मला कळलंच नाही. त्याला माहीत होतं का ते सांगा, पाकिटात काय आहे ते?”

बाहेर कापसाची रानं मागं पळत होती. शंतनुनं डोळे मिटून घेतले. नाही म्हणता आलं असतं. “हो,” तो म्हणाला. “माहीत होतं. तो स्वतः बोलला माझ्याजवळ.”

“मग झालं तर!” वकिलांचा आवाज उजळला. “पंधरा दिवस उलटले की या लगेच, सही करून टाका. उशीर करू नका.”

“येतो,” शंतनु म्हणाला. असं म्हणू नये म्हणून या वेळी त्याला कुणी अडवलं नाही.